डी ड्राइव्हवरचं घर

बेंगळुरात होसकोटे रस्त्यावर शनिवारी दुपारी माझ्या भावाला मारलं. संध्याकाळी हॉस्पिटलमध्ये तो वारला. त्याचं नाव रवी. मी त्याची अक्का.

फोन मी उचलला. पलीकडे शेखर होता. कोरमंगलाला रवी ज्याच्याबरोबर खोली घेऊन राहत होता, तो नागपूरचा मुलगा. 'अक्का, काकांना घेऊन या,' एवढंच तो बोलला आणि मग फोनमध्ये नुसती रहदारी ऐकू येत राहिली... आईला आम्ही अपघात झालाय असं सांगितलं. ती माझ्या पदराचं टोक बोटांत धरून उभी होती. ते सोडवून मी आणि बाबा रिक्षात बसलो. हॉस्पिटलात एका पोलिसाने प्लास्टिकच्या पिशवीत रवीच्या वस्तू दिल्या. पट्टा, पाकीट, चष्म्याची एक काडी, घड्याळ. बाबांनी घड्याळ उचललं. ते चालू होतं. काचेवर ओरखडासुद्धा नव्हता. रवीची कवटी एका बाजूने आत गेली होती, दोन्ही मनगटं मोडली होती, उजव्या हाताची बोटं ओळखू येत नव्हती. बाबांनी पोलिसाला कन्नडमध्ये विचारलं, हे हातात होतं का? 'इल्ला सार,' तो नकारार्थी मान हलवत म्हणाला, आणि स्वतःच्या शर्टाच्या खिशावर बोट ठेवून दाखवलं. बाबा बाकावर बसले. बराच वेळ घड्याळाकडे बघत होते. मग म्हणाले, 'म्हणजे पहिला हात त्यानंच उचलला.'

मलाही तेच कळलं होतं.

झालं होतं ते असं. एका टेम्पोचा आरसा रवीच्या स्कूटरला घासला. शिवीगाळ झाली. रवी स्कूटर लावून टेम्पोच्या दाराशी गेला आणि त्याने चालकाला गळपट्टी धरून खाली ओढलं. टेम्पोत आणखी दोघं होते. त्यातल्या एकाने जॅकचा दांडा काढला. चहाच्या टपरीवरची माणसं म्हणाली की पहिल्या घावालाच तो खाली बसला होता, पण ते थांबले नाहीत. भेटायला येणारे लोक आमच्या बैठकीत बसून म्हणत, 'गुंडांनी घात केला हो पोराचा.' ते खरं आहे. त्या माणसांनी त्याला गुरासारखं मारलं. पण त्याआधी रवीने घड्याळ काढून खिशात ठेवलं होतं, हेही खरं आहे, आणि त्याच्याविषयी लिहायचं तर हे गाळून मला लिहिता येणार नाही.

आमच्या घरात मारण्याआधी घड्याळ काढायची पद्धत होती. बाबा घड्याळ काढत, चावीचं, पिवळ्या डायलचं, कारखान्यात फोरमन झाले तेव्हा घेतलेलं. स्वयंपाकघराच्या दाराशेजारी एक फळी आहे, तिच्यावर ते मांडून ठेवत. फेकत नसत, मांडून ठेवत. मग वळत. आवाज चढलेला नसे, शिव्याही नसत. काच फुटू नये म्हणून ही काळजी, हे मला मोठी झाल्यावर कळलं. लहानपणी मला वाटायचं, सगळ्यांच्याच घरी वडील असं करतात. फळीवर घड्याळाचा आवाज झाला की आई गॅस बंद करायची. एवढाच वेळ तिला मिळायचा.

बनशंकरीचं आमचं घर बाबांनी स्वतः उभं राहून बांधून घेतलं. निपाणीकडून येऊन बेंगळुरात स्वतःची साईट, म्हणजे प्लॉट, घेऊन घर बांधणं ही त्यांच्यासाठी मोठी गोष्ट होती आणि प्रत्येक विटेवर त्यांचा हक्क होता. गवंडी म्हणाला होता, स्वयंपाकघराला मागे एक दार काढू या, भांडी घासायला बरं पडेल. बाबा म्हणाले, मागच्या दारानं चोर येतात. त्यामुळे आमच्या स्वयंपाकघराला आत यायला आणि बाहेर जायला एकच दार. त्या दारात बाबा उभे राहिले की दार उरत नसे. आई ओट्याला पाठ लावून उभी राहायची. रवी आणि मी दगडी रगड्याच्या मागे शिरायचो. तो लहान होता तोवर दोघं मावत होतो. पुढे एकटा तोच मावायचा, आणि पुढे तोही मावेना. तेव्हापासून तो उभा राहून मार खाऊ लागला. एकदा त्याच्या कानातून रक्त आलं. तो ते बोटावर घेऊन बघत होता, जणू दुसऱ्याचं आहे...

मी पुस्तकांत तोंड घालून बसले आणि तशीच मोठी झाले. आता एका कॉलेजच्या ग्रंथालयात काम करते. रवीला पुस्तकं मानवली नाहीत. त्याने इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा केला. तो शेवटच्या वर्षाला असताना कारखान्याच्या ऑफिसने जुने कॉम्प्युटर काढून टाकले आणि त्यातला एक बाबा घरी घेऊन आले. बैठकीत खिडकीखाली त्यासाठी टेबल आलं, टेबलावर आईच्या जुन्या साडीचं झाकण आलं. बाबा त्यावर महानगरपालिकेला इंग्रजीत पत्रं लिहीत. गटार, पथदिवा, शेजाऱ्यांच्या माडाच्या आमच्या गच्चीवर पडणाऱ्या झावळ्या. दोन बोटांनी, कीबोर्डशी भांडल्यासारखे टाइप करीत. रवीने आतल्या हार्ड डिस्कचे दोन भाग करून दिले. म्हणाला, 'बाबा, सी तुमचा, डी माझा. तुमच्यात मी येत नाही, माझ्यात तुम्ही येऊ नका.'

'जिवंतपणीच वाटणी करून घेतलीस की रे,' बाबा म्हणाले आणि हसले. आईही हसली. अशा दुपारीही आमच्या घरात होत असत. त्या लिहिल्या नाहीत तर तेही खोटं होईल.

रवीच्या डीवर गेम होते. त्यांतला एक त्याचा जीव की प्राण. अंधाऱ्या बोळांतून बंदूक घेऊन पळायचं, कोपऱ्यावर राक्षस, गोळी घातली की भिंतभर रक्त. धडावेगळी मुंडकी, किंकाळ्या, मेलेल्यांवरून पुढे पाऊल. मी दोन मिनिटं बघितलं आणि उठून गेले. 'अक्का, ही खरी माणसं न्हवंत,' तो म्हणायचा. पण खेळताना त्याचा जबडा बघितला की मला ते पटत नसे. मग त्याला कळलं की त्या गेममध्ये आपल्या मनाप्रमाणे जागाही बांधता येतात. भिंती उभ्या करायच्या, दारं लावायची, आणि मग आपणच त्यात फिरायचं. झालं. त्याने आमचं घर बांधायला घेतलं. आईच्या शिलाईच्या टेपने घर मोजू लागला. टेपचं दुसरं टोक आई धरायची. 'इकडं धर आई, कोपऱ्याला. हां, सरी, बरोबर.' ती विचारायची, रंग काढायचाय का रे घराला? तो म्हणायचा, 'तसंच समज.' स्वयंपाकघराच्या मागच्या, पूर्वेच्या भिंतीला त्याने दोनदा टेप लावायला लावला तेव्हा ती वैतागली होती, कारण फोडणी जळत होती.

ते घर पुरं झालं तेव्हा त्याने मला एका दुपारी समोर बसवलं. पडद्यावर आमचा व्हरांडा होता. चौकोनी, ओबडधोबड, पण आमचाच. बैठक होती, खिडकी होती, खिडकीखाली टेबल, आणि बाबांची आरामखुर्ची तपकिरी ठोकळ्याच्या रूपात. मला हसू आलं आणि अंगावर काटाही आला. चालताना पावलांचा आवाज येत होता. 'आता स्वयंपाकघर दाखवतो,' रवी म्हणाला. आणि तेवढ्यात बाबा खऱ्या व्हरांड्यातून खऱ्या बैठकीत आले.

त्यांनी आधी खुर्ची ओळखली. मग खिडकी. 'काय करालायस रे?' ते म्हणाले. 'माझ्या घरात बंदुका घेऊन फिरालायस?'

'बंदूक न्हाई त्यात, बाबा. बघा की.'

पण बाबांनी तोवर घड्याळ काढलं होतं. फळीवर ठेवायला आत गेले आणि येताना मोठा हातोडा घेऊन आले, बांधकामाच्या वेळचा. पडद्यावर घाव बसला आणि काच फुटून आत ओढली गेल्यासारखा आवाज झाला. धूर निघाला. दुसरा घाव टेबलावर, तिसरा रवीच्या खांद्यावर. आई मध्ये पडली, तिला दांड्याचा फटका कोपरावर बसला आणि ती भिंतीला टेकून खाली सरकली. ते बघून रवीने तोवर कधी केलं नव्हतं ते केलं. स्वतःचं घड्याळ काढलं, डिप्लोमासाठी बाबांनीच दिलेलं, आणि खिशात ठेवलं. मग कीबोर्ड उचलून बाबांच्या तोंडावर मारला. पुन्हा मारला. बटणं फरशीवर उडाली. बाबा ओठातून रक्त गाळत आरामखुर्चीत बसले. त्यांनी थुंकलं तेव्हा त्यात दात होता. कुणीच ओरडत नव्हतं. बाहेर भाजीवाला 'सोप्पू, सोप्पू' म्हणत गेला.

रवीने हातावरचं रक्त पुसलं नाही. स्क्रू ड्रायव्हर आणला, जमिनीवर मांडी घालून बसला आणि कॉम्प्युटरचा डबा उघडला. डावा खांदा उचलता येत नव्हता म्हणून एका हाताने स्क्रू काढत होता. हार्ड डिस्क निघाली ती त्याने टॉवेलात गुंडाळली, आणि आईकडे जाऊन तिचं कोपर हातात घेऊन बघितलं. मला म्हणाला, 'अक्का, हिला डॉक्टरकडे ने.' टॉवेल काखेत धरून तो गेला. कपडे घेतले नाहीत. पुन्हा त्या घरात तो पाहुण्यासारखा, सणावारी, बाबा नसताना आला.

होसकोट्याच्या एका कारखान्यात त्याला नोकरी लागली आणि कोरमंगलाला शेखरबरोबर खोली मिळाली. खोलीत शेखरचा कॉम्प्युटर होता. पहिल्याच रविवारी रवीने आपली डिस्क त्यात जोडली आणि गेम उघडेना. हा प्रकार त्याने मला एका दर्शनी हॉटेलात कॉफी पिता पिता बशीत सांडलेल्या कॉफीने टेबलावर काढून समजावला होता. शेखरच्या कॉम्प्युटरला स्वतःचा सी होता. त्यामुळे रवीची डिस्क तिथे लावली की बाबांचा सी तिथे डी व्हायचा, आणि रवीचा डी ढकलला जाऊन ई व्हायचा. गेम मात्र बसवताना जी जागा ठरली तीच धरून बसलेला. तो डीवर आपलं घर शोधायला जायचा. 'आणि तिथं त्याला काय सापडतंय? बाबांची गटाराची पत्रं!' रवी इतका हसला की शेजारच्या टेबलावरचे बघायला लागले.

शेखरने त्याला सोपं सांगितलं होतं. 'अबे, नवीन टाक ना गेम. सीडी आणतो मी.' पण नवीन टाकला तर आलेला गेम कोरा असता. रवीने बांधलेलं घर त्या जुन्या फोल्डरात होतं, जुन्या गेमच्या आतड्यांत अडकवलेलं, आणि ते वेगळं काढून नव्यात चालत नव्हतं. त्याने करून बघितलं होतं. गेम न्यायचा तर आहे तसाच, घरासकट न्यायला हवा. दुसरा उपाय याहून सोपा होता. गेम उचलून बाबांच्या भागात ठेवायचा, कारण आता डी तोच होता. पाच मिनिटांचं काम.

'मग ठेव की,' मी म्हणाले.

'बाबांच्या जागेत मी जाणार न्हाई, अक्का.'

'मग पुसून टाक त्यांची जागा.'

'पुसणारबी न्हाई.' त्याने बोटाने टेबलावरची कॉफी पुसली. 'ते जे केलं ते त्यांनी केलं. मी तसं करणार न्हाई.'

म्हणून त्याने तिसरा, किचकट मार्ग काढला. डिस्कच्या मागच्या पिना बदलून आपली डिस्क पहिली लावायची आणि शेखरची दुसरी, म्हणजे बाबांना आणि रवीला आपापली जुनी अक्षरं मिळतात. कॉम्प्युटर रवीच्या जुन्या डिस्कवरून कुरकुरत सुरू व्हायचा आणि शेखरचं काही चालायचं नाही. मग रवीचं झालं की पुन्हा सगळं उलट. दर रविवारी डबा उघडा, डबा बंद करा. मी एकदा बघायला गेले होते. पण जिन्याखालीच घरमालकाने अडवलं, 'लेडीज मेले होगबारदु.' बायकांना वर मज्जाव. रवीने वर हात करून मला लांबूनच खिडकी दाखवली. 'स्वयंपाकघर राहिलंय तुला दाखवायचं,' म्हणाला. 'स्वल्प थांब, स्वतःचा कॉम्प्युटर घेतो, तुझ्या ग्रंथालयात घेऊन येतो.'

त्या खोलीत पुण्याचा एक मुलगाही काही महिने होता. रविवारचा हा खटाटोप त्याला नकोसा झाला. एक दिवस रवी कामावर असताना त्याने मित्रत्वानेच ते पाच मिनिटांचं काम करून टाकलं. गेम बाबांच्या भागात ठेवला. चालू करून बघितला, चाललाही. संध्याकाळी रवी आला तेव्हा त्याने कौतुकाने दाखवलं. पुढचं मला शेखरने सांगितलं. रवीने पडद्याकडे बघितलं, घड्याळ काढलं, खिशात ठेवलं. शेखर म्हणतो, 'मला वाटलं हातपाय धुवायला जातोय.' त्या मुलाच्या कानाचा पडदा फाटला. त्याचं डोकं रवीने लोखंडी पलंगाच्या दांड्यावर आपटलं, आणि शेखरने पाठीमागून मिठी मारून ओढलं नसतं तर...

मी दुसऱ्या दिवशी त्याला एका हॉटेलात भेटले. त्याचा उजवा हात सुजून टम्म झाला होता. तो हात त्याने टेबलाखाली ठेवला. मी विचारलं, का? तो मुलगा तर तुझं कामच सोपं करत होता. रवीने तो हात टेबलावर काढून ठेवला. मग म्हणाला, 'मला दिसतच न्हवतं गं अक्का. मारून झाल्यावर दिसायला लागलं.' आणि जरा वेळाने, 'बाबांनाबी असंच होत असेल काय?' वेटर बिल ठेवून गेला, तरी आम्ही तसेच बसलो होतो. त्या मुलाच्या कानाच्या उपचाराला रवीच त्याला स्कूटरवरून घेऊन जायचा, दर आठवड्याला, मुलगा पुण्याला परत जाईपर्यंत. हेही त्याच माणसाबद्दल आहे.

तेरावा झाल्यानंतरच्या रविवारी शेखर आमच्याकडे आला. रिक्षातून आपला कॉम्प्युटर घेऊन आला होता, मांडीवर पडदा आणि पायाशी डबा. पिशवीत तोच टॉवेल होता. 'अक्का, ही डिस्क तुमची,' तो म्हणाला. 'जुनी झाली आहे, आवाज करते. बंद पडायच्या आधी तुम्ही घर पाहून घ्या.' बैठकीत खिडकीखाली जिथे टेबल होतं तिथेच त्याने सगळं मांडलं. बाबा आरामखुर्चीत होते. उठून गेले नाहीत.

रवीच्या पद्धतीने शेखरने पिना बदलल्या. कॉम्प्युटर सुरू होईना. डिस्क आतून टकटक करायची आणि काळा पडदा तसाच राहायचा. पुन्हा केलं, पुन्हा तेच. 'तो काहीतरी करायचा,' शेखर म्हणाला, 'मी कधी पाहिलंच नाही नीट. रविवारी मी कपडे धुवायचो.' तीच डिस्क दुसऱ्या जागी लावली तेव्हा मात्र वाचता येत होती. म्हणजे बाबांचा भाग डी, रवीचा ई. त्याने अवघडून बाबांकडे बघितलं. 'काका, एकच उपाय आहे. तुमच्या जागेत कॉपी करावं लागेल.'

'कर की,' बाबा म्हणाले. 'त्यात काय विचारतोस.'

मी 'थांब' म्हणाले. आणि रवी कॉफीच्या टेबलावर जे बोलला होता ते, जसं बोलला होता तसं, बाबांना सांगितलं. पुण्याच्या मुलाचंही सांगितलं. मी बाबांशी एवढं सलग कधी बोलले नव्हते. दात पडला त्या जागी जीभ फिरवायची त्यांना सवय लागली आहे, ती फिरत होती. 'मग राहू दे,' ते म्हणाले आणि खुर्चीतून उठायला लागले.

'टाक रे शेखर,' स्वयंपाकघरातून बाहेर येत आई म्हणाली. 'टेप मी धरलेला. मला बघायचंय.'

शेखरने मूळ तसंच ठेवून गेमची प्रत बाबांच्या भागात उतरवली. डिस्क टकटकत राहिली, आम्ही चौघं तिच्याकडे कान देऊन होतो. मग व्हरांडा दिसला. बैठक, खिडकी, तपकिरी खुर्ची. बाबांनी खुर्चीचे हात धरले. पुढे बोळ, बोळाच्या टोकाला स्वयंपाकघर. ओटा होता. रगडा होता, आणि त्याच्यामागे दोन मुलांना पुरेल एवढी मोकळी जागा सोडलेली. दाराशेजारी फळी होती आणि फळीवर एक पिवळा चौकोन. 'हे काय आहे ते कधी सांगितलं नाही त्यानं,' शेखर म्हणाला. तेवढ्यात पाठीमागून एक घोगरा आवाज आला, आणि शेखरने वळवलं तर आलो होतो त्या दारात गेममधला राक्षस उभा होता. सगळं दार भरून. पडदा लाल झाला, घाव बसल्यावर होतो तसा.

'मार त्याला,' बाबा म्हणाले.

'बंदूक नाही काका.'

'असल की कुठंतरी. शोध!'

'कुठेच नाही ठेवली त्याने. या घरात मारताच येत नाही.' पडदा पुन्हा लाल झाला. 'मागे पाहा तुम्ही आता.'

शेखरने पडद्यावर पाठ फिरवली. पूर्वेच्या भिंतीत दार होतं. निळं, इतर कुठल्याच दारासारखं नसलेलं. शेखरने एक बटण दाबलं, ते वर सरकलं, आणि बाहेर नुसतं हिरवं आणि वर आकाश. राक्षस उंबऱ्याशी थांबला. तो तिथून पुढे येत नव्हता. शेखर म्हणाला की इथेच ते संपतं, याच्यापुढे काही नाही.

'तिथं भिंत आहे,' बाबा म्हणाले.

'त्याच भिंतीला त्यानं दोनदा टेप लावायला लावलेला,' आई म्हणाली.

बाबा उठून स्वयंपाकघरात गेले, त्यांच्यामागून आम्हीही. त्यांनी मनगटावरचं घड्याळ काढलं. पट्ट्याचं बक्कल सुटल्याचा आवाज आला आणि आईचा हात आपोआप गॅसच्या बटणाकडे गेला, गॅस पेटलेला नसताना. मी तिच्यापुढे जाऊन उभी राहिले. बाबांनी घड्याळ फळीवर मांडून ठेवलं, जिन्याखालून हातोडा आणला, आम्हां दोघींना वळसा घालून पूर्वेच्या भिंतीपाशी गेले आणि घाव घातला. डबे हादरले. दुसरा घातला. गिलावा त्यांच्या केसांत, भुवयांवर पडत होता. साठी ओलांडलेला माणूस, प्रत्येक घावाबरोबर घशातून आवाज काढत, ज्यांना मारलं त्या सगळ्यांना पुन्हा मारत असल्यासारखा. शेखर धरायला धावला तर त्याला कोपराने ढकललं. हाताची साल निघून दांडा रक्ताने निसरडा झाला आणि हातोडा सुटून ओट्यावर पडला तेव्हा ते थांबले. मुठीएवढं भोक पडलं होतं. त्यातून शेजाऱ्यांच्या माडाचा बुंधा दिसत होता.

'आता कशाला?' आई म्हणाली. एवढंच. आणि त्यांच्या हाताला लावायला हळद आणली नाही.

उरलेलं काम गवंड्याने केलं. मी बाबांना माफ केलं आहे असं कुणी समजू नये. त्यांनी मागितलेलीही नाही. रवीने पहिला हात उचलला, त्याची आठवण झाली की मला त्याचाही राग येतो, आणि मग मी भांडी घेऊन त्या भिंतीपलीकडच्या मोकळ्या जागेत जाऊन बसते. डिस्क टॉवेलात गुंडाळून माझ्या कपाटात आहे. ती पुन्हा लावली नाही. दोन घड्याळं फळीवर आहेत, बाबा त्यांतलं एकही घालत नाहीत. रवीचं अजून चालू आहे.

स्वयंपाकघराला आता मागचं दार आहे. कडी आतल्या बाजूला आहे.